जहाजासोबत आलेला शिंपला

छत्रपती संभाजीनगरला समुद्र नाही. सह्याद्री उतरून रस्त्याने तीनशेहून अधिक किलोमीटर गेल्याशिवाय खारं पाणी दिसत नाही. तरीही या शहराचा समुद्राशी रोजचा व्यवहार आहे. वाळूज, चिकलठाणा आणि शेंद्र्याच्या कारखान्यांतले सुटे भाग, औषधं, यंत्रं कंटेनरमध्ये भरली जातात. काही माल दौलताबादजवळच्या माळीवाड्याच्या कंटेनर डेपोतून, तर बराचसा थेट ट्रकने न्हावा शेव्याला पोचतो आणि तिथे जहाजात चढतो. त्या वेळी जहाजातून काय बाहेर पडतं, याची चौकशी मराठवाड्यातला उद्योजक सहसा करत नाही. त्याला ती करण्याचं कारणही पडत नाही. या प्रकरणाचा विषय मात्र नेमका तोच आहे.

रिकामं किंवा अर्धवट भरलेलं जहाज लाटांवर डुलतं, कलंडू शकतं. त्याला खाली दाबून स्थिर ठेवण्यासाठी तळाच्या आणि बाजूच्या टाक्यांत समुद्राचं पाणी भरून घेतात. याला बॅलास्ट पाणी म्हणतात. जिथे माल चढतो, तिथे तेवढा भार पाण्याचा कमी करावा लागतो, म्हणून ते पाणी उपसून बंदरात सोडलं जातं. एका मोठ्या मालवाहू जहाजात असं हजारो टन पाणी मावतं. ते जिथे भरलं तिथल्या शेवाळाचे कण, खेकड्यांची आणि शिंपल्यांची डोळ्यांना न दिसणारी पिल्लं, माशांची अंडी, जिवाणू असं सगळं त्याच्यासोबत प्रवास करतं. यातले बहुतेक जीव अंधाऱ्या टाकीत मरून जातात. जे उरतात, ते चिवट असतात.

दुसरी वाट जहाजाच्या अंगावरची आहे. पाण्यात बुडालेल्या कुठल्याही पृष्ठभागावर काही दिवसांत जीव वस्ती करू लागतात. आधी जिवाणूंचा बुळबुळीत थर बसतो, मग शेवाळ येतं, मग नळ्या बांधणारे किडे, बार्नकल नावाचे चिकटून राहणारे कवचधारी जीव आणि शिंपले येतात. एका जागी महिनोन्महिने उभ्या राहिलेल्या जहाजावर, नौकेवर किंवा तराफ्यावर हे ओझं सगळ्यांत जास्त चढतं. जहाज हललं की वस्तीही हलते आणि दुसऱ्या बंदरात पोचून तिथेच अंडी घालते.

या दोन्ही वाटांचा फायदा घेतलेला जो जीव आपल्या किनाऱ्यावर लवकर आणि नीट नोंदला गेला, तो आहे काळ्या पट्ट्यांचा शिंपला. शास्त्रज्ञ त्याला मायटिलॉप्सिस सॅली म्हणतात. मूळचा तो कॅरिबियन समुद्र आणि मेक्सिकोच्या आखाताच्या परिसरातला. लांबी फार तर अडीच-तीन सेंटिमीटर, म्हणजे आपल्या किनाऱ्यावरच्या शिनाण्यांपुढे अगदीच लहान. कवच पातळ, रंग काळपट ते फिकट तपकिरी, काहींवर नागमोडी पट्टे. कवच उघडून टोकाच्या चोचीखाली पाहिलं तर आत एक छोटी आडवी फळी दिसते. या फळीमुळे तो शिनाण्यांच्या कुळातला नसून वेगळ्याच कुळातला आहे, हे जाणकाराला लगेच कळतं. उत्तर अमेरिकेच्या सरोवरांत हाहाकार माजवणारा झेब्रा शिंपला याच कुळातला.

त्याचं सामर्थ्य तीन गोष्टींत आहे. पहिली गोष्ट पाण्याचा खारेपणा. समुद्राच्या एक लिटर पाण्यात साधारण ३५ ग्रॅम क्षार असतात. हा शिंपला जवळपास गोड पाण्यापासून ते समुद्राहून जास्त खारट पाण्यापर्यंत तग धरतो. दुसरी गोष्ट वयात येण्याचा वेग. जन्मल्यापासून महिनाभरात, जेमतेम सेंटिमीटरभर लांबीचा असतानाच, तो प्रजननक्षम होतो. एक मादी हजारोंनी अंडी सोडते आणि तरंगणारी पिल्लं थोड्याच दिवसांत बसण्याजोगी जागा शोधतात. तिसरी गोष्ट चिकटण्याची. पायाजवळून निघणाऱ्या चिवट धाग्यांनी तो दगड, लोखंड, लाकूड, दोर, प्लॅस्टिक असं काहीही पकडतो, आणि त्याच्या कवचावर पुढचा शिंपला बसतो. असे थरावर थर चढून दहा-पंधरा सेंटिमीटर जाडीचं आच्छादन तयार होतं. त्या आच्छादनात दुसऱ्या कुणाला जागा उरत नाही.

भारतात तो पहिल्यांदा दिसला विशाखापट्टणमच्या बंदरात, १९६७ साली. विशाखापट्टणमचं आतलं बंदर म्हणजे अरुंद वाटेने समुद्राला जोडलेलं, जवळपास चहूबाजूंनी बंद असलेलं पाणी. १९३३ मध्ये ते मोठ्या जहाजांसाठी खुलं झालं आणि पुढे तिथे कारखाने आणि नौदल आलं. आंध्र विद्यापीठातले प्राणिशास्त्रज्ञ पी. एन. गणपती आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७१ मध्ये ‘करंट सायन्स’मध्ये या नव्या शिंपल्याची नोंद प्रसिद्ध केली. तेव्हा त्याला काँजेरिया सॅली म्हणत. जिथे पूर्वी बार्नकल आणि नळीकिडे यांची मिश्र वस्ती होती, तिथे आता एकट्या या शिंपल्याचं राज्य आलं होतं.

त्यानंतर मुंबई. तिथल्या नौदलाच्या रसायन आणि धातुशास्त्र प्रयोगशाळेत जहाजांवर चढणाऱ्या जीवांचा अभ्यास वर्षानुवर्षं चालू होता. जहाजाच्या बुडावर जितकी वस्ती, तितका पाण्याचा रोध, तितकं जास्त इंधन आणि तितका कमी वेग, त्यामुळे नौदलाला हा विषय जिव्हाळ्याचा. या प्रयोगशाळेतल्या ए. ए. करंदे आणि के. बी. मेनन यांनी १९७५ मध्ये लिहिलेल्या निबंधात मुंबईतल्या या शिंपल्याची दखल घेतली. भारतीय बंदरांत नुकताच स्थायिक झालेला परका, असंच त्याचं वर्णन त्यांनी शीर्षकात केलं. या निबंधाचं मोल मला फार वाटतं. जैविक आक्रमण हा विषय जगभर गाजायला अजून दहा-पंधरा वर्षं होती. झेब्रा शिंपला अमेरिकेत पोचायचा होता. आणि मुंबईतले दोन संशोधक स्वच्छ शब्दांत लिहीत होते की हा प्राणी इथला नाही, जहाजांच्या रहदारीतून आला आहे आणि आता पसरतो आहे.

मुंबईच्या गोद्या त्याला मानवल्या यात नवल नाही. मुंबईच्या भरती-ओहोटीत पाण्याची पातळी उधाणाच्या दिवशी चार-पाच मीटरनी वरखाली होते. जहाजांना ते सोसत नाही, म्हणून १९१४ मध्ये अलेक्झांड्रा डॉक, म्हणजे आजची इंदिरा गोदी, दरवाजे लावून बांधली. दरवाजा बंद केला की आतलं पाणी एका पातळीवर स्थिर राहतं. जहाजांची सोय झाली. पण त्याच वेळी एक असं पाणी तयार झालं जिथे लाटांचा मारा नाही, प्रवाह जवळपास नाही, वर तेलाचा तवंग, खाली गाळ, प्राणवायू कमी आणि पावसाळ्यात खारेपणा झपाट्याने उतरणारा. आपल्या खडकांवरचे कालवे आणि बार्नकल लाटांच्या, वाहत्या पाण्याच्या सवयीचे. गोदीतल्या साचलेल्या पाण्यात ते खंगतात. ज्याला गोडं पाणी चालतं, खारं चालतं आणि घाणही चालते, त्याला तिथे प्रतिस्पर्धीच राहत नाही. हा शिंपला जगात जिथे जिथे माजला, तिथे बहुतेक वेळा अशीच माणसाने अडवलेली, बिघडवलेली पाणवठ्याची जागा होती: बंद बंदरं, होड्या लावायच्या मरिना, बांध घातलेली खाजणं, मासे वाढवायचे उथळ तलाव. खुल्या, निरोगी किनाऱ्यावर त्याचा जम सहज बसत नाही. आक्रमणाचा अर्धा दोष आपल्या बांधकामाचा आहे, असं मी म्हणतो ते यामुळे.

तो परिसराचं नेमकं काय करतो? सगळे शिंपले पाणी गाळून खातात. कल्ल्यांमधून पाणी ओढायचं, त्यातले तरंगते सूक्ष्म जीव खायचे, नको ते कण चिकट द्रवात गुंडाळून बाहेर टाकायचे. एक-दोन शिंपल्यांनी काही बिघडत नाही. चौरस मीटरवर हजारोंच्या संख्येने ते बसले की मासे, कोळंबी आणि तिसऱ्या नावाच्या शिंपल्यांची पिल्लं ज्यावर वाढतात, ते अन्नच संपू लागतं. त्यांच्या विष्ठेचा आणि टाकलेल्या कणांचा काळा चिखल तळाशी साचतो. तो कुजताना प्राणवायू खातो. तळाच्या मातीत बिळं करणारे किडे गुदमरतात. खडकावर जागेसाठी स्पर्धा करणारे कालवे या थराखाली झाकले जातात. अनेक प्रकारच्या जीवांनी मिळून चालवलेली जागा एका जातीच्या हाती जाते. आणि एका जातीची वस्ती एकदमच कोसळू शकते. रोग आला, पाणी तापलं, तर लाखो शिंपले एकाच वेळी मरतात आणि त्यांच्या सडण्याने उरलंसुरलं पाणीही बिघडतं.

विशाखापट्टणम आणि मुंबईनंतर १९७० आणि १९८० च्या दशकांत हा शिंपला जपान, तैवान, हाँगकाँग, सिंगापूर असा पूर्वेकडे दिसत गेला. फिजी बेटांवर तो त्याआधीच पोचलेला होता. अलीकडे जनुकीय तपासणीतून एक नवा प्रश्न उभा राहिला आहे. आशियातल्या काही ठिकाणचे शिंपले कॅरिबियन बाजूच्या जातीचे नसून मध्य अमेरिकेच्या पॅसिफिक किनाऱ्यावरच्या तिच्या सख्ख्या भावंडाचे, मायटिलॉप्सिस ॲडम्सीचे, असावेत असं काही संशोधक म्हणतात. कवचावरून या दोघांत फरक करणं फार अवघड आहे. मूळ गाव यातलं कुठलंही निघालं, तरी तो आपला नाही आणि त्याचे परिणाम तेच आहेत.

या शिंपल्याच्या इतिहासातला सगळ्यांत विलक्षण प्रसंग घडला ऑस्ट्रेलियाच्या उत्तर टोकाला, डार्विन शहरात. मार्च १९९९ च्या अखेरीस तिथल्या कलन बे मरिनात पाहणीसाठी उतरलेल्या पाणबुड्यांना दोरांवर, खांबांवर आणि होड्यांच्या बुडांवर अनोळखी शिंपल्यांचे घोस दिसले. सहा महिन्यांपूर्वीच्या पाहणीत याच जागी एकही नव्हता. आता काही ठिकाणी एका चौरस मीटरवर वीस हजारांहून अधिक होते. शोध घेतल्यावर शहरातल्या आणखी दोन मरिनांतही लागण आढळली.

डार्विनलाही प्रचंड भरती-ओहोटी येते, म्हणून तिथल्या मरिनांना आपल्या इंदिरा गोदीसारखेच दरवाजे आहेत. सरकारने ते बंद केले. आतल्या होड्यांना बाहेर पडायला मनाई झाली. जनावरांच्या साथीत जशी आणीबाणीची यंत्रणा उभी राहते, तशी काही दिवसांत उभी राहिली. मग त्या बंद पाण्यात दीडशे टनांहून अधिक द्रवरूप ब्लीच आणि काही टन मोरचूद ओतलं गेलं. शिंपले मेले. त्यांच्यासोबत त्या मरिनांतले मासे, खेकडे, किडे, सगळं मेलं. मधल्या काळात तिथून निघून गेलेल्या शेकडो होड्यांचा माग काढून त्या तपासल्या गेल्या. महिनाभरात मोहीम आटोपली. खर्च वीस लाख ऑस्ट्रेलियन डॉलरच्या वर गेला. त्यानंतरच्या पाहण्यांत तिथे हा शिंपला सापडला नाही. समुद्रात रुजलेला परका जीव एखाद्या जागेतून पूर्णपणे उखडून काढल्याची उदाहरणं जगात हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी आहेत, आणि डार्विन त्यातलं ठळक उदाहरण आहे.

तीन मरिनांतला सगळा जीव मारण्याचा निर्णय क्रूर वाटेल. मलाही तो वाचताना त्रास होतो. पण उत्तर ऑस्ट्रेलियाच्या किनाऱ्यावर मोत्यांच्या शिंपल्यांची मोठी शेती आहे, आणि एकदा हा शिंपला मरिनाबाहेर गेला असता तर त्याला परत आणण्याचा कुठलाही उपाय उरला नसता. त्यांच्याकडे वेळ आठवड्यांत मोजण्याइतकाच होता आणि त्यांनी तो वाया घालवला नाही. डार्विनच्या यशाचं कारण ब्लीच नव्हतं. सहा महिन्यांच्या अंतराने कुणीतरी पुन्हा पाण्यात उतरून पाहिलं होतं, हे कारण होतं.

मुंबईत असं काही करता आलं असतं का? १९७५ मध्ये तर नक्कीच उशीर झालेला होता. मुंबई बंदराला एकच दरवाजा नाही. ठाण्याची खाडी, उरण, एलिफंटा, कुलाबा, असंख्य मासेमारी होड्या, तिवरांची दलदल, हे सगळं एकच सलग पाणी आहे. त्यात ब्लीच ओतण्याचा विचारही कुणी करू नये. गाजर गवताची गोष्ट आपल्याला माहीत आहे. १९५० च्या दशकात ते पुण्यात दिसलं तेव्हा उपटण्याजोगं होतं. आज महाराष्ट्रातलं एकही गाव त्याच्यावाचून नाही. पाण्याखालचं आक्रमण त्याहून अवघड, कारण ते रस्त्यावरून जाणाऱ्याला दिसत नाही.

या कहाणीचा नवा अध्याय केरळात चालू आहे आणि तो आपल्या कोकणाच्या जास्त जवळचा आहे. दक्षिण अमेरिकेतला चारू शिंपला, मायटेला स्ट्रिगाटा, गेल्या दशकात फिलिपाइन्स, सिंगापूर, थायलंड असा आशियात शिरला आणि भारतात कोचीच्या खाडीत आणि कोल्लमजवळच्या अष्टमुडी सरोवरात सापडला. २०१९ च्या सुमारास याची शास्त्रीय नोंद झाली. मच्छीमारांना तो त्याआधीच दिसला होता. अष्टमुडीतले लोक त्याला ‘वरत्तन कक्का’ म्हणू लागले, म्हणजे बाहेरून आलेला शिंपला. २०१७ च्या ओखी चक्रीवादळाने त्याच्या पसरण्याला हातभार लावला असावा, अशी शंकाही अभ्यासकांनी मांडली.

अष्टमुडीचं दुःख मोठं आहे, कारण तिथे शिंपल्यांची मासेमारी शहाणपणाने चालली होती. किती लहान शिंपले काढायचे नाहीत, कुठल्या महिन्यांत हात लावायचा नाही, जाळ्याचं भोक केवढं असावं, याचे नियम मच्छीमारांनी आणि केंद्रीय सागरी मत्स्य संशोधन संस्थेने मिळून ठरवले होते. त्या कष्टांतून २०१४ मध्ये अष्टमुडीच्या शिंपल्यांच्या मासेमारीला मरीन स्ट्युअर्डशिप कौन्सिलचं टिकाऊ मासेमारीचं प्रमाणपत्र मिळालं. असं प्रमाणपत्र मिळवणारी ती भारतातली पहिली मासेमारी. नियम पाळणाऱ्या त्या लोकांच्या पाण्यात मग हा परका आला आणि तिसऱ्यांच्या रेतीवर, हिरव्या शिनाण्यांच्या दगडांवर पसरत गेला. चारू शिंपला खाता येतो, पण तो ज्यांच्या जागेवर बसतो त्यांची भरपाई होत नाही.

चेन्नईजवळच्या एन्नोर खाडीत तर तळाच्या चिखलात हाताने चाचपून कोळंबी पकडणारे लोक आहेत. तिथे ‘काक्का आळी’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या याच शिंपल्याने तळावर धारदार कवचांचा गालिचा पसरला. हात घालायची जागाच उरली नाही. प्रकरण राष्ट्रीय हरित लवादापर्यंत गेलं. शेजारीच पुलिकत सरोवर आहे, लाखो पक्ष्यांचं आणि हजारो कोळी कुटुंबांचं. ते वाचावं म्हणून तिथल्या मच्छीमारांची धडपड चालू आहे.

आता कोकणाकडे पाहू. ओहोटी लागली की भाट्ये, काळबादेवी, आचरे, कर्ली अशा खाड्यांत बायका टोपल्या घेऊन उतरतात. तिसऱ्या, मुळे, कालवं हाताने वेचतात, दगडावरून खरवडतात, दुपारी बाजारात वाट्यांवर विकतात. या कामाला होडी लागत नाही, डिझेल लागत नाही, भांडवल लागत नाही. म्हणूनच ते घरातल्या सगळ्यांत गरीब बाईच्या हाती राहिलं आहे. त्याची मोजदाद सरकारी आकड्यांत पुरती उतरत नाही. अष्टमुडीसारखी लागण या खाड्यांत झाली, तर पहिला फटका या बायकांना बसेल, आणि त्यांच्या नुकसानीचा पंचनामा करायला कुणी येईल असं मला वाटत नाही. कोकणच्या खाड्यांची नियमित तपासणी व्हायला हवी, असा माझा आग्रह आहे तो आधी त्यांच्यासाठी.

आणि मराठवाड्याने हे प्रकरण किनाऱ्यावरच्या लोकांचं म्हणून बाजूला ठेवू नये. १९८८ मध्ये झेब्रा शिंपला अमेरिका आणि कॅनडाच्या सीमेवरच्या सेंट क्लेअर सरोवरात सापडला. बॅलास्ट पाण्यातून तो काळ्या समुद्राच्या परिसरातून आला होता. पुढच्याच वर्षी, १९८९ च्या हिवाळ्यात, मिशिगनमधल्या मनरो शहराच्या पाणीपुरवठ्याचं तोंड शिंपल्यांनी बुजलं आणि शहराचं पाणी बंद पडलं. पुढे होड्यांच्या बुडांना चिकटून, ट्रेलरवरून तो एका तलावातून दुसऱ्या तलावात गेला. दुसरं उदाहरण चीनच्या नद्यांतल्या सोनेरी शिंपल्याचं. १९९१ मध्ये तो अर्जेंटिनात ला प्लाता नदीच्या मुखाशी दिसला. तिथून तो पाराना नदीने उलट्या दिशेने, वर्षाला सुमारे २४० किलोमीटर वेगाने चढत गेला आणि २००१ मध्ये ब्राझील आणि पॅराग्वेच्या सीमेवरच्या इताइपू धरणात पोचला. तिथल्या जनित्रांच्या थंडाव्याच्या नळ्या तेव्हापासून सतत साफ कराव्या लागतात. २०२४ च्या ऑक्टोबरमध्ये तोच शिंपला कॅलिफोर्नियात स्टॉकटनच्या बंदरात सापडला, म्हणजे उत्तर अमेरिकेतही शिरला.

पैठणच्या नाथसागरावर छत्रपती संभाजीनगरचं पाणी अवलंबून आहे. ७०० आणि १४०० मिलिमीटर व्यासाच्या जुन्या जलवाहिन्या चाळीसेक किलोमीटरवरून, चढ चढवत पाणी आणतात; नव्या योजनेतली वाहिनी २५०० मिलिमीटरची आहे. शहराने नळाला दिवसाआड नव्हे, कित्येक दिवसांआड पाणी येणं सोसलं आहे. अशा जलवाहिनीच्या आत सोनेरी किंवा झेब्रा शिंपल्यासारखा चिकटणारा जीव बसला, तर काय होईल हे मनरोच्या लोकांना विचारावं. नाथसागराचे स्वतःचे शिंपले आहेत. लॅमेलिडेन्ससारखे हे गोड्या पाण्यातले शिंपले चिखलात अर्धे रुतून राहतात, त्यांची पिल्लं काही काळ माशांच्या कल्ल्यांना धरून वाढतात, आणि मोठे झाल्यावर ते कशालाही चिकटत नाहीत. नळ्या बुजवणं त्यांच्या स्वभावात नाही. अमेरिकेत याच प्रकारच्या देशी शिंपल्यांच्या पाठीवर झेब्रा शिंपले बसले आणि त्यांनी त्यांना उपाशी मारलं.

आज गोड्या पाण्यातले हे दोन परके भारतात स्थायिक झालेले नाहीत. पण आपल्या जलाशयांच्या वेशी उघड्या आहेत. १९५२ मध्ये देशात आणलेला चिलापी मासा उजनीपासून नाथसागरापर्यंत पसरला आहे. आफ्रिकन मागूरवर केंद्राने २००० मध्ये बंदी घातली, तरी तो चोरून वाढवला जातो. शोभेच्या टाक्यांतला तोंडाने चोखणारा कॅटफिश लोक कंटाळा आला की जवळच्या नदीत सोडतात. मत्स्यबीज, जाळी, होड्या आणि शोभेचे मासे या वाटांनी जे मासे आले, त्याच वाटांनी शिंपलाही येऊ शकतो.

या धोक्यावर जगाने काही केलं नाही असं नाही. २००० ते २००४ या काळात संयुक्त राष्ट्रांच्या पाठबळाने बॅलास्ट पाण्यावर एक मोठा प्रकल्प झाला. त्यासाठी जगातली सहा बंदरं निवडली होती आणि मुंबई त्यातलं एक. गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेने मुंबई आणि जवाहरलाल नेहरू बंदरांतल्या जीवांची पाहणी त्या काळात केली. २००४ मध्ये आंतरराष्ट्रीय सागरी संघटनेने बॅलास्ट पाण्याचा करार स्वीकारला आणि ८ सप्टेंबर २०१७ ला तो अमलात आला. सुरुवातीला जहाजांनी किनाऱ्यापासून २०० सागरी मैलांवर, खोल समुद्रात पाणी बदलावं असा उपाय होता, कारण खाडीतले जीव खोल समुद्रात जगत नाहीत आणि खोल समुद्रातले खाडीत. आता जहाजावरच पाणी गाळून, अतिनील किरणांनी किंवा रसायनांनी शुद्ध करणारी यंत्रणा लागते. सोडल्या जाणाऱ्या एक घनमीटर पाण्यात ५० मायक्रोमीटर किंवा त्याहून मोठे जिवंत जीव दहापेक्षा कमी असावेत, हा दंडक सप्टेंबर २०२४ पासून करारातल्या जहाजांना सरसकट लागू झाला. ही मोठी मजल आहे. तरी जहाजाच्या बुडावरची वस्ती या करारात येत नाही. तिच्यासाठी फक्त मार्गदर्शक सूचना आहेत, २०११ मध्ये केलेल्या आणि २०२३ मध्ये सुधारलेल्या. सूचना पाळल्या नाहीत म्हणून कुणाला दंड होत नाही.

महाराष्ट्रापुढचा तातडीचा प्रश्न वाढवणचा आहे. पालघर जिल्ह्यातल्या या प्रचंड बंदराची पायाभरणी ३० ऑगस्ट २०२४ ला झाली. बंदर व्हावं की नाही यावर तिथल्या मच्छीमारांचा लढा जुना आहे आणि तो वेगळ्या प्रकरणाचा विषय आहे. पण बंदर होणार असेल, तर लाटा अडवणारे लांबलचक बांध येतील, त्यांच्या आड शांत पाणी तयार होईल आणि जगभरची जहाजं त्यात उभी राहतील. काळ्या पट्ट्यांच्या शिंपल्याला मानवणारी हीच जागा. पहिलं जहाज लागण्याआधी त्या पाण्यात आज कोण कोण राहतं याची संपूर्ण नोंद झाली पाहिजे, नाहीतर दहा वर्षांनी एखादा अनोळखी शिंपला सापडल्यावर तो जुना की नवा हेसुद्धा सांगता येणार नाही.

पाहणीला फार पैसा लागत नाही. लाकडाच्या, धातूच्या किंवा ॲक्रिलिकच्या पाट्या दोराला बांधून पाण्यात सोडायच्या, दर महिन्याला वर काढायच्या, त्यावर कोण बसलं ते पाहायचं, फोटो काढायचा, नोंद ठेवायची. बंदरांतल्या शास्त्रज्ञांनी पन्नास वर्षांपूर्वी हेच केलं. रत्नागिरीच्या शिरगावचं मत्स्य महाविद्यालय आहे, किनाऱ्यावरच्या तालुक्यांत विज्ञानाची महाविद्यालयं आहेत, आणि मराठवाड्यातही प्राणिशास्त्राचे विभाग आहेत. दिघी, जयगड, विजयदुर्ग, रेडी आणि पैठण, अशा प्रत्येक ठिकाणी एक दोर आणि एक वही एवढी सुरुवात या वर्षी होऊ शकते. तिसऱ्या वेचणाऱ्या बायकांना चारू शिंपल्याचा आणि काळ्या पट्ट्यांच्या शिंपल्याचा फोटो दाखवून ठेवा आणि दिसला तर कुणाला फोन करायचा ते सांगून ठेवा. केरळात शास्त्रज्ञांच्या आधी तो मच्छीमारांनीच पाहिला होता.